परदेशी सिनेमात चरित्र भूमिका करायच्यात, तर मालिका सोडून लंडनला जाऊ का?

प्रश्न थोडक्यात असा. विचारणारे मूळचे कोल्हापूरचे, वय ३१. राज्य नाट्य स्पर्धेतून पुढे आले, पुण्यात प्रायोगिक नाटकं केली, सध्या मुंबईत एका रोजच्या मालिकेत खलनायकाच्या मेहुण्याचं काम करतात. चेहरा हिरोचा नाही हे त्यांनी स्वतःच लिहिलंय, आणि त्याचं त्यांना वाईटही वाटत नाही. त्यांना ओम पुरींसारखी परदेशी चित्रपटांत चरित्र भूमिका करणाऱ्या नटाची कारकीर्द हवी आहे. त्यासाठी मालिका सोडून, गावाकडच्या जमिनीवर कर्ज काढून लंडनला वर्षभराचा अभिनयाचा कोर्स करावा का? इंग्रजी उच्चार ‘न्यूट्रल’ करून घ्यावेत का? आणि तिकडचा एजंट कसा मिळवावा?

आधी मी कुठून बोलतेय ते सांगते, म्हणजे माझं म्हणणं कितपत धरायचं ते तुम्हाला ठरवता येईल. तरुणपणी नाटक केलं, पुढे मुंबईत कास्टिंगच्या कामात शिरले आणि तिथेच रमले. परदेशी युनिट भारतात शूटिंगला येतं तेव्हा इथले नट निवडून त्यांच्यापुढे ठेवणं, ऑडिशनला कॅमेऱ्याशेजारी बसून समोरच्या पात्राच्या ओळी वाचणं, ऑडिशनचं रेकॉर्डिंग, म्हणजे टेप, तिकडे पाठवणं, डेट्स जुळवणं, हे माझं रोजचं काम. म्हणजे मी दाराच्या अलीकडची. लंडनमध्ये बसलेला एजंट यातल्या काही गोष्टी वेगळ्या सांगेल.

आता तुमच्या प्रश्नाबद्दल. तुम्ही विचारताय तिकडे जायचं कसं. पण लंडन, बर्मिंगहॅम, टोरांटो इथे भारतीय-पाकिस्तानी वंशाचे चांगले नट आज भरपूर आहेत. तिथेच जन्मलेले, तिथल्या युनियनचे सभासद, व्हिसाची कटकट नाही, सकाळी फोन केला की दुपारी हजर. त्यांना वगळून कुणी मुंबईहून माणूस विमानात बसवून नेतो, तेव्हा त्याला तिकडे न मिळणारं काहीतरी हवं असतं. तेव्हा आधी हे बघू, की असं काय तुमच्याकडे आहे आणि ते कुठे राहून वाढेल. कोर्स, उच्चार, एजंट यांची उत्तरं त्यातच निघतात.

ओम पुरींचं नाव तुम्ही घेतलंत, तर त्यांचंच उदाहरण घेऊ. जन्म १९५०, अंबाला. घरची गरिबी, शिक्षण पंजाबीतून, चेहऱ्यावर देवीचे व्रण. दिल्लीत राष्ट्रीय नाट्य विद्यालयात गेले तेव्हा तिथल्या इंग्रजीचं त्यांना दडपण यायचं, हे ते पुढे मोकळेपणाने सांगत. तिथे शिकवायला होते इब्राहिम अल्काझी, जन्माने पुणेकर. नंतर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिक्षण. आणि पहिला महत्त्वाचा चित्रपट मराठी, १९७६ चा ‘घाशीराम कोतवाल’, त्यात घाशीराम ओम पुरी आणि नाना फडणवीस मोहन आगाशे. मग १९८० चा ‘आक्रोश’, पटकथा विजय तेंडुलकरांची. त्यात लहान्या भिकू हा आदिवासी जवळजवळ अख्खा चित्रपट गप्प आहे. बायकोच्या खुनाचा आळ आलाय आणि वकिलाशी बोलायला तयार नाही. नुसते डोळे आणि खांदे. पुढे १९८३ चा ‘अर्धसत्य’, श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या कथेवरून, पुन्हा तेंडुलकर. त्यातला अनंत वेलणकर हा फौजदार एका पंजाबी माणसाने असा उभा केला की आपल्याकडच्या कुणाला तो परका वाटला नाही. त्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळालाच, शिवाय कार्लोव्ही व्हारीच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कारही मिळाला.

या सगळ्या काळात परदेशाच्या नावाने त्यांच्या खात्यात काय होतं? ‘गांधी’मधला एक प्रवेश. फक्त एक. तो तुम्ही पुन्हा बघा, आणि बघताना रिमोट हातात ठेवा.

कलकत्त्यात दंगल पेटलीय, गांधीजी उपोषणाला बसलेत, अंगात त्राण नाही. नहारी नावाचा एक माणूस गर्दीतून आत घुसतो आणि त्यांच्या अंगावर रोटी भिरकावतो. खा म्हणतो. आपण नरकात जाणार हे त्याला माहीत आहे, पण तुमच्या मरणाचं पाप डोक्यावर घेऊन नाही जायचं मला, असं त्याचं म्हणणं. एका लहान मुलाचं डोकं भिंतीवर आपटून मारलं, तो सांगतो. का, असं विचारल्यावर म्हणतो, त्यांनी माझा मुलगा मारला. आणि हाताने मुलाची उंची दाखवतो. गांधीजी त्याला वाट सांगतात: आईबाप मारले गेलेत असं एखादं पोर शोध, ते आपलं म्हणून वाढव, मात्र ते मुसलमान असू दे आणि मुसलमान म्हणूनच वाढव. माणूस कोसळतो. संपलं.

या प्रवेशात सगळा जीव आहे तो उंची दाखवणाऱ्या हातात. हात वर येईपर्यंत आपल्यासमोर एक खुनी आहे. हात थांबतो तिथून पुढे बाप आहे. त्याचा धंदा काय, घर कुठे, बायको जिवंत आहे का, पटकथेत काहीही नाही. तीन तासांहून मोठ्या चित्रपटात वाट्याला आलेली मिनिटं मोजकी, समोर बेन किंग्जली, आणि सगळ्यांचं लक्ष साहजिकच गांधींकडे. तरी चित्रपट बघितलेल्या माणसाला नहारी आठवतो. दोन-तीन मिनिटांत माणूस पुरा करून ठेवायचा आणि मुख्य पात्राच्या वाटेत न येता बाजूला व्हायचं, हीच ती न मिळणारी चीज. मी टेप बघते तेव्हा हेच शोधत असते.

आता वर्षं बघा, कारण तुम्ही ३१ व्या वर्षी घाई करताय. ‘सिटी ऑफ जॉय’ १९९२ चा. कलकत्त्यात हातरिक्षा ओढणारा हसारी पाल ही ओम पुरींची परदेशी चित्रपटातली पहिली मोठी भूमिका, तेव्हा त्यांनी चाळिशी गाठली होती. ‘माय सन द फनॅटिक’मधला ब्रॅडफर्डचा टॅक्सीवाला परवेझ १९९७ मध्ये. ‘ईस्ट इज ईस्ट’मधला जॉर्ज खान १९९९ मध्ये, ज्यासाठी बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्काराचं नामांकन मिळालं, तेव्हा ते पन्नाशीच्या उंबरठ्यावर होते. आणि याच वर्षांत मुंबईत काय चाललं होतं? ‘घातक’, ‘माचिस’, ‘गुप्त’, ‘चाची ४२०’, थोडं पुढे ‘हेरा फेरी’. म्हणजे जॉर्ज खान होऊन इंग्लंडमधल्या सॅलफर्डच्या फिश अँड चिप्सच्या दुकानात उभं राहायचं आणि परत येऊन इथे धमाल विनोदी सिनेमा करायचा. मुक्काम मुंबईतच. कॉन्ट्रॅक्ट संपलं की घरी. परदेशी चित्रपटाची कारकीर्द म्हणतो ती त्यांच्याबाबतीत अशी मधे मधे येत गेली, सलग कधीच नव्हती.

आणखी एक बाब, जी बाहेरून दिसत नाही. १९९४ च्या ‘वुल्फ’मध्ये त्यांनी एका म्हाताऱ्या डॉक्टरचं काम केलं. मोजून एवढुसं काम. मरायला टेकलेला हा माणूस, लांडगा चावल्यामुळे स्वतः लांडगा होत चाललेल्या जॅक निकलसनला म्हणतो, मला चाव, तुझ्यात आलंय ते मलाही दे. ही ओळ वाचून दाखवली तर हसू येईल. पडद्यावर येत नाही, कारण डॉक्टर ती अगदी औषधाचं नाव सांगावं इतक्या साध्या आवाजात मागतो. दिग्दर्शक होते माइक निकल्स. तेरा वर्षांनी, २००७ मध्ये, त्याच निकल्सना ‘चार्ली विल्सन्स वॉर’साठी झिया-उल-हक हवे होते आणि त्यांनी ओम पुरींना घेतलं. आमच्या धंद्यात कामं अशीच येतात. पुढची भूमिका बहुतेक वेळा मागच्या सेटवरचा कुणीतरी देतो. कधी दिग्दर्शक, कधी कास्टिंगवाली बाई, कधी तेव्हाचा सहायक जो आता स्वतः चित्रपट करतोय.

तुम्ही म्हणाल, पण तिकडे राहूनही कारकीर्द झाल्याची उदाहरणं आहेत. आहेत की. सईद जाफरी. पन्नासच्या दशकात फुलब्राइट शिष्यवृत्तीवर अमेरिकेत जाऊन नाट्यशास्त्राची पदवी घेतली, पुढे ब्रिटनमध्ये स्थिरावले, रेडिओ, रंगभूमी, टीव्ही सगळं केलं. १९७५ मध्ये ‘द मॅन हू वुड बी किंग’मध्ये शॉन कॉनरी आणि मायकेल केन यांच्यासोबत बिली फिश. १९८५ मध्ये ‘माय ब्यूटिफुल लाँड्रेट’मधला नासिरकाका, त्यालाही बाफ्टाचं नामांकन. पण नीट बघा, १९७७ च्या ‘शतरंज के खिलाडी’नंतर हाच माणूस हिंदी सिनेमात सारखा दिसू लागतो. ‘चश्मेबद्दूर’मधला लल्लन मियाँ आठवा, ती पानाची गादी, ती उधारीची वही. लंडनमध्ये नाव झालेल्या नटालाही मुंबईचं काम हवंसं वाटलं. मी त्याचा अर्थ असा लावते, की तिकडच्या भूमिका कितीही चांगल्या असल्या तरी वर्ष भरेल इतक्या नसतात. आणि जाफरी गेले तो काळ वेगळा होता. तेव्हा तिथे भारतीय नट बोटांवर मोजण्याइतके होते. आज तुम्ही गेलात तर तिथे जन्मलेल्या, तुमच्यापेक्षा सफाईने इंग्रजी बोलणाऱ्या आणि तुमच्याइतक्याच चांगल्या पोरांच्या रांगेत मागे उभे राहाल.

पुरस्कारानेही दार कायमचं उघडं राहत नाही. पुण्याच्या रोहिणी हट्टंगडी ‘गांधी’तल्या कस्तुरबांसाठी बाफ्टाच्या मानकरी ठरल्या. शूटिंगच्या वेळी वय पंचविशीच्या आसपास, आणि साकारायची होती तरुण बायकोपासून आगाखान पॅलेसमध्ये प्राण सोडणाऱ्या म्हातारीपर्यंतची बाई. एवढ्या मोठ्या मानानंतर त्यांची कारकीर्द घडली ती मुख्यतः इथेच, मराठी-हिंदी नाटक, चित्रपट आणि मालिकांत. आणि इथल्या निर्मात्यांनी त्या वयात त्यांच्यापुढे आईच्या, आजीच्या भूमिकांचा ढीग लावला, कारण कस्तुरबा सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होत्या. चरित्र भूमिका फार चांगली वठली की तिचा छाप बसतो, मग तो सिनेमा आपला असो की परका. त्याच चित्रपटात गोपाळ कृष्ण गोखले झाले होते डॉ. श्रीराम लागू. छोटं काम, आणि तोवर मराठी रंगभूमीवर त्यांचं नाव केव्हाच झालेलं होतं. कोल्हापूरकर म्हणून तुम्हाला हेही सांगते, त्या चित्रपटाच्या वेशभूषेसाठी जॉन मोलो यांच्यासोबत ऑस्कर घेणाऱ्या भानू अथैया तुमच्याच गावच्या.

तर पहिलं उत्तर: मालिका सोडून, जमीन अडकवून कोर्स करू नका. हे मी तुमच्या परिस्थितीकडे बघून म्हणतेय. शिष्यवृत्ती मिळत असेल, मागे कुणी अवलंबून नसेल, वर्षभर काम न करता राहणं परवडत असेल, तर जा. शिकणं कधी फुकट जात नाही, आणि इंग्रजी नाटकात रोज उठून काम करण्याने कान तयार होतो. पण ‘कोर्स केला म्हणून काम मिळेल’ या हिशेबाने कर्ज काढणार असाल तर तो हिशेब चुकतोय. ऑडिशनला आलेल्या माणसाचं प्रशस्तिपत्रक कुणी मागत नाही. टेप चालू होते आणि तिसऱ्या-चौथ्या ओळीला आम्हाला कळलेलं असतं.

टेपबद्दल जरा थांबून बोलते, कारण तुमच्या हातात आजच्या आज असलेली गोष्ट हीच आहे. एक प्रसंग सांगते. एका परदेशी चित्रपटासाठी उत्तरेकडच्या लहान शहरातल्या हॉटेलचा रात्रपाळीचा मॅनेजर हवा होता. एकच प्रवेश. एक परदेशी बाई मध्यरात्री येऊन विचारते, माझा नवरा इथे उतरला होता का? मॅनेजरला माहीत आहे की उतरला होता, पोलिसांनी नेलंय, आणि बोलायचं नाही अशी तंबी मिळालीय. आमच्याकडे टेप आल्या त्यातल्या बहुतेक नटांनी ही भीती पहिल्याच ओळीत दाखवून टाकली. घाम पुसणं, इकडेतिकडे बघणं, आवंढा गिळणं. नाटकातून आलेल्यांनी तर जास्तच, कारण शेवटच्या रांगेला कळलं पाहिजे ही सवय अंगात मुरलेली. एका नटाने मात्र रजिस्टर उघडलं आणि खरंच नाव शोधायला लागला. बोट एकेका ओळीवरून खाली. एका ओळीवर बोट किंचित अडकलं, मग पुढे सरकलं, पान उलटलं. मग वर बघून म्हणाला, नाही मॅडम. आवाज हॉटेलवाल्याचा, रोजचाच, थोडा कंटाळलेला. नाव त्या पानावर आहे हे बघणाऱ्याला कळलं, त्या बाईला कळलं नाही. निवड त्याचीच झाली, आणि त्याचं इंग्रजी त्या सगळ्यांत सगळ्यात कच्चं होतं.

तांत्रिक बाजू सोपी आहे, तरी लोक चुकतात. मोबाइल आडवा, छाती-डोकं फ्रेममध्ये, मागे साधी भिंत, उजेड समोरून. समोरच्या पात्राच्या ओळी वाचणारा माणूस लेन्सच्या अगदी शेजारी उभा करा, म्हणजे तुमची नजर जवळपास कॅमेऱ्यात राहते. तो हळू आवाजात वाचू दे, नाहीतर टेपमध्ये त्याचंच काम ऐकू येतं. चित्रापेक्षा आवाज महत्त्वाचा, म्हणून पंखा बंद. दोन टेक पाठवा, पण खरोखर वेगळे. एकच टेक दोनदा नको. सुरुवातीला किंवा शेवटी नाव, उंची, शहर, आणि एकदा पूर्ण उभा शॉट. पार्श्वसंगीत घालू नका. लोक घालतात.

उच्चारांचा प्रश्न तुम्ही चुकीच्या टोकाने धरलाय असं मला वाटतं. ‘न्यूट्रल’ उच्चाराचा माणूस जगात राहत नाही. तो कॉल सेंटरच्या ट्रेनिंगमध्ये राहतो. उच्चार म्हणजे पात्राचा पत्ता असतो, कुठून निघाला आणि किती वर्षं कुठे राहिला ते त्यात लिहिलेलं असतं. ‘ईस्ट इज ईस्ट’मधला जॉर्ज खान पाकिस्तानातून येऊन, गोऱ्या बाईशी लग्न करून, १९७१ च्या सॅलफर्डमध्ये दुकान चालवतोय. तो इंग्रजी शिकला तो ग्राहकांकडून आणि बायकोकडून. त्यामुळे त्याच्या बोलण्यात खाली पंजाबी आहे आणि वर लँकशायर, म्हणजे त्या भागातलं इंग्रजी. बायको चहा विचारते तेव्हा तो पूर्ण कप कधी मागत नाही, अर्धा कप म्हणतो. त्या अर्ध्या कपात संसार आहे, हुकूमत आहे, आणि घरात आपलं चालेनासं झालंय हे पुढे पुढे त्यातच कळत जातं. ओम पुरींनी इथे स्वच्छ, गोंडस इंग्रजी वापरलं असतं तर जॉर्ज खान मेलाच असता.

म्हणून उच्चार पुसण्यात पैसे घालू नका. कान तयार करा. नाशिकहून दुबईला जाऊन पंधरा वर्षं गोदामात काम केलेला माणूस इंग्रजी कसं बोलतो, मंगळुरूची नर्स लंडनच्या इस्पितळात कसं बोलते, ते ऐका, नक्कल करा, रेकॉर्ड करून परत ऐका. मात्र एक अट पक्की: तुमचं इंग्रजी समोरच्याला कळलं पाहिजे आणि समोरच्याचं तुम्हाला समजलं पाहिजे. सेटवर दिग्दर्शक ओळ बदलतो, पहिला सहायक दिग्दर्शक घाईत सूचना देतो, त्या पहिल्या फटक्यात डोक्यात शिरायला हव्यात. ते होत नसेल तर त्यावर रोज अर्धा तास द्या. हे काम मुंबईत बसून होतं. दुसरी, तिसरी भाषा असेल तर आणखी चांगलं. हिंदी, उर्दू सफाईने बोलता येत असेल, कोकणी किंवा कन्नड येत असेल, तर ते तुमच्या माहितीपत्रकात सगळ्यात वर लिहा.

भूमिका कोणत्या येतील, हेही आधीच ऐकून ठेवा. टॅक्सीवाला, डॉक्टर, दुकानदार, पोलीस, मौलवी, अतिरेकी. एक काळ असा होता की तेसुद्धा नेहमी मिळत नव्हतं. १९८४ च्या ‘अ पॅसेज टू इंडिया’त प्राध्यापक गोडबोले आहेत, चांगले दक्षिणी ब्राह्मण, आणि ती भूमिका केली ॲलेक गिनेस यांनी, चेहरा रंगवून. मोठा नट, पण ते गोडबोले बघताना मराठी माणसाला आजही कसंतरी होतं. आता तसं होत नाही. त्या जागा आपल्या नटांना मिळतात, मग त्या साचेबंद का असेनात. अमरीश पुरींनी त्याच वर्षी इंडियाना जोन्सच्या चित्रपटात डोक्याचा तुळतुळीत गोटा करून मोलाराम केला. भारत सरकारला पटकथा आक्षेपार्ह वाटली, म्हणून बाहेरचं बरंचसं शूटिंग श्रीलंकेत झालं. भूमिका घ्यावी की न घ्यावी यावर वाद झाले आणि होत राहतील. माझा स्वतःचा कल असा: पात्राला स्वतःचं असं एक तरी कारण पटकथेत असेल, किंवा घालायला जागा असेल, तर साचेबंद भूमिकाही करावी. नहारी दंगेखोरच होता. पण नुसता ओरडत बंदूक घेऊन पळणारा आणि तिसऱ्या मिनिटाला मरणारा माणूस असेल तर नको. ते काम तुमच्या पुढच्या टेपला काही देत नाही, उलट ‘हा हेच करतो’ अशी नोंद होते. घरभाडं थकलं असेल तर हा नियम मोडा, मी काही बोलणार नाही.

एजंट, पैसे आणि व्हिसा यांवर थोडक्यात. तिकडचा एजंट तुम्ही शोधायचा प्रश्न आत्ता येतच नाही. दाखवायला एखादी बरी परदेशी भूमिका झाली की त्या चित्रपटाच्या कास्टिंगवाल्यांकडून ओळख निघते. अमेरिकेत युनियनच्या नियमातला एजंट १० टक्के घेतो, ब्रिटनमध्ये थोडं अधिकही चालतं. पण ते मिळालेल्या कामातून. नाव नोंदवायला, टेप पुढे पाठवायला किंवा ‘हॉलिवूड प्रोजेक्ट’मध्ये घालायला कुणी आधी पैसे मागितले तर तिथून उठा. निर्माता कास्टिंगवाल्यांना पैसे देतो, नट देत नाही. व्हिसाचंही तसंच. आधी भूमिका, मग निर्मात्याकडून कागदपत्रं, मग व्हिसा. ब्रिटनसाठी तिकडच्या कंपनीला प्रायोजक म्हणून पत्र द्यावं लागतं. अमेरिकेचा ओ-वन, म्हणजे विशेष प्रावीण्य असलेल्यांसाठीचा व्हिसा मिळायला तुमच्या नावावर दाखवण्यासारखं काम लागतं, म्हणजे पुन्हा इथे केलेलं कामच. टुरिस्ट व्हिसावर जाऊन ऑडिशन देत फिरू, असले सल्ले देणाऱ्यांचं ऐकू नका.

मानधनाचा आकडा ऐकून हुरळून जाऊ नका. पौंडात किंवा डॉलरमध्ये रक्कम मोठी वाटते, पण ब्रिटनमध्ये परदेशी कलाकाराच्या मानधनातून साधारण २० टक्के आणि अमेरिकेत ३० टक्के कर आधीच कापला जाऊ शकतो. दुहेरी कर टाळण्याच्या करारामुळे इथे त्याची वजावट मिळते, पण त्यासाठी कापलेल्या कराचा कागद जपून ठेवायला हवा आणि हे जाणणारा सीए हवा. करारात एकरकमी हक्क विकत घेतले आहेत का, की पुढच्या प्रक्षेपणाचे पैसे मिळणार आहेत, हे वाचा. डबिंगचे किंवा रीशूटचे दिवस धरलेत का तेही. आणि मानधनाला शूटिंगच्या दिवसांनी भागू नका, त्या कामासाठी मोकळ्या ठेवलेल्या दिवसांनी भागा. तारखा पुढे ढकलल्या जातात, नट तयार बसून राहतो आणि मधे आलेलं इकडचं काम जातं. भागाकार केल्यावर पुष्कळदा मालिकेचा पर डे, म्हणजे दिवसाचा दर, बरा निघतो.

म्हणजे तुम्ही काय करावं? मालिका चालू ठेवा, पण तिच्यावर नट म्हणून जगू नका. रोज वीस सीन उरकणाऱ्या कामात प्रतिक्रिया मोठ्या होतात, भुवया स्वतंत्र नोकरी धरतात. त्यावर उतारा म्हणून वर्षाला एक तरी प्रायोगिक नाटक आणि इथल्या नव्या दिग्दर्शकांचे छोटे चित्रपट करा, पैसे नसले तरी. मराठी चित्रपट महोत्सवांतून जगभर फिरतात आणि तिकडचे कास्टिंगवाले ते बघतात. परदेशी युनिटचं इथे शूटिंग असतं तेव्हा एक दिवसाच्या कामालाही हो म्हणा. इमिग्रेशन अधिकारी, शवागाराचा रखवालदार, शाळेचा शिपाई. जमिनीवर आखलेली खूण पकडून उभं राहणं, दहाव्या टेकला हात त्याच शब्दावर त्याच जागी नेणं, मुख्य नटाच्या क्लोज-अपला कॅमेऱ्यामागून त्याला तितक्याच मनापासून ओळी देणं, या गोष्टी तिथेच शिकायला मिळतात, आणि सेटवरचे लोक त्याच लक्षात ठेवतात.

मालिकेचा करार पुढच्या वेळी नव्याने होईल तेव्हा सलग दहा-पंधरा दिवसांची एक सुट्टी त्यात लिहून घ्या. तोंडी नको. परदेशी कामं हातची जातात ती बहुतेक वेळा डेट्समुळे. पासपोर्टची मुदत बघून ठेवा. फोटो आजच्या चेहऱ्याचे ठेवा, मालिकेतल्या मिशांसकट काढलेला एक आणि त्यांच्याशिवायचा एक. आणि टेप पाठवाल तेव्हा फाइलला तुमचं नाव आणि पात्राचं नाव द्या. माझ्या संगणकावर आत्ता ‘फायनल फायनल टू’ या नावाच्या फाइल्स पडल्यात, त्यातली कुणाची कुठली हे शोधायचं काम माझ्या सहायकाकडे आहे आणि तो वैतागलेला आहे.